खऱ्या पोलीस कारवाईचा कार्यक्रम मुंबईत करायचा तर

प्रश्न असा आहे: अमेरिकेतल्या 'कॉप्स'सारखा, पोलिसांच्या गाडीत बसून खरे छापे, पाठलाग आणि झटापटी टिपणारा कार्यक्रम मुंबईत, मराठीत करता येईल का? माणसे किती लागतील, सामग्री कोणती, परवानगी कोणाची? आणि पडद्यावर दिसतो तो धोका खरा किती असतो?

करता येईल. मात्र दार फोडून आत शिरण्याचा क्षण तुमच्या कॅमेऱ्यात येणार नाही, आणि तो यावा म्हणून धडपडूही नका. कारवाईच्या जागी कॅमेरा नेला म्हणजे तिथे एक जादा माणूस नेला. पोलिसांना त्याला सांभाळावे लागते, पुढे खटल्यात तो साक्षीदार ठरू शकतो, आणि तो बघतोय म्हटल्यावर पोलिसांचे वागणे बदलते. खाली जे लिहिले आहे ते सगळे या तीन गोष्टींतून निघते.

आधी मूळ नमुना समजून घ्या. 'कॉप्स' ११ मार्च १९८९ रोजी फॉक्स वाहिनीवर सुरू झाला. १९८८ मध्ये हॉलिवूडच्या लेखकांचा मोठा संप झाला होता. लेखक नको, नट नकोत, सेट नको, निवेदकही नको, असा कार्यक्रम वाहिनीला तेव्हा फार सोयीचा पडला. युनिट दोनच माणसांचे: एक कॅमेरामन, एक साउंड रेकॉर्डिस्ट. अर्ध्या तासाच्या स्लॉटमधून जाहिराती वजा जाता साधारण २२ मिनिटे उरतात, त्यात तीन प्रसंग बसवायचे. पोलीस खात्यांना प्रसारणाआधी फुटेज पाहून आक्षेप घेता येत असे, म्हणजे पडद्यावर येणारे सगळे खात्याच्या नजरेखालून गेलेले असायचे. याचा परिणाम काय होतो ते मेरी बेथ ऑलिव्हर यांच्या १९९४ च्या अभ्यासात दिसले: अशा कार्यक्रमांत हिंसक गुन्ह्यांचे प्रमाण आणि आरोपी हाती लागण्याचे प्रमाण, दोन्ही सरकारी आकडेवारीपेक्षा बरेच फुगलेले होते. २०१६ मध्ये आलेल्या 'लाइव्ह पीडी'ने हाच प्रकार 'थेट' म्हणून दाखवला, पण तिथेही प्रक्षेपण काही मिनिटे मागे ठेवलेले असायचे. मिनिआपोलिसमध्ये जॉर्ज फ्लॉइड यांचा पोलिसांच्या हातून मृत्यू झाल्यावर जून २०२० मध्ये दोन्ही कार्यक्रम बंद झाले. 'कॉप्स' पुढच्याच वर्षी दुसऱ्या ठिकाणी परतला.

आता धोका. गस्तीच्या पाळीतला बहुतेक वेळ वाट पाहण्यात, वायरलेस ऐकण्यात आणि भांडणे सोडवण्यात जातो. खरा धोका काही सेकंदांचा असतो आणि तो सांगून येत नाही. ऑगस्ट २०१४ मध्ये अमेरिकेतल्या ओमाहा शहरात एका रेस्टॉरंटवर दरोडा चालू असताना 'कॉप्स'चे युनिट पोलिसांच्या मागोमाग आत गेले. पोलिसांनी गोळीबार केला, त्यात दरोडेखोर मेला आणि कार्यक्रमाचा साउंड रेकॉर्डिस्टही. त्याच्या अंगात बुलेटप्रूफ जॅकेट होते. गोळी काखेखालच्या उघड्या फटीतून शिरली. दरोडेखोराच्या हातातले पिस्तूल खेळण्यासारखे, प्लास्टिकचे छर्रे उडवणारे होते. हा प्रसंग युनिटमधल्या प्रत्येकाला सांगावा असा आहे, कारण त्यात तीन धडे आहेत. जॅकेट छाती आणि पाठ झाकते, बाजू उघड्या राहतात. बूम, म्हणजे लांब दांडीवरचा माइक, धरणाऱ्याचा हात सतत वर असल्याने त्याची काख सगळ्यात उघडी, म्हणून पोलीस कारवाईत बूम वापरायचाच नाही. आणि युनिटला लागणारी गोळी पोलिसांचीही असू शकते.

मुंबईत धोक्याचे स्वरूप वेगळे आहे. बंदुकीपेक्षा चॉपर, कोयता, सुरा जास्त. त्याहून जास्त इजा जागेमुळे होते: तीन-चार फुटांची गल्ली, डोक्याशी लोंबणाऱ्या वायरी, झाकण नसलेले गटार, पोटमाळ्यावर जाणारी उभी लोखंडी शिडी, पावसात शेवाळलेल्या पायऱ्या. कॅमेऱ्याच्या व्ह्यूफाइंडरला डोळा लावून चालणाऱ्याला यातले काहीच दिसत नाही. म्हणून गल्लीत कॅमेरा छातीशी, स्क्रीन वर वळवलेली, आणि साउंडवाल्याचा एक हात कॅमेरामनच्या पट्ट्यावर. पायरी, गटार, वायर हे तोच बोलून सांगतो. शिवाय गर्दी. कॅमेरा दिसला की गल्ली पाच मिनिटांत भरते, वरच्या गॅलरीतून मोबाईल सुरू होतात, पोलिसांची परतीची वाट बंद होते. आरोपीचे नातेवाईक तुमच्यावर धावून आले तर पोलिसांना आरोपी सोडून तुमच्याकडे यावे लागते. याच कारणासाठी युनिटच्या अंगावर वाहिनीचा लोगो असलेली जाकिटे नकोत आणि खाकी रंगाचे काहीही नको.

उभे कुठे राहायचे हे आधी ठरवा. ड्यूटी सुरू होण्यापूर्वी पंधरा मिनिटे पथकप्रमुखासोबत बसा. युनिटसाठी एक हवालदार नेमून घ्या. त्याने 'थांबा' म्हटले की पाय जागेवर थिजले पाहिजेत, शॉट गेला तरी. छाप्याच्या वेळी युनिट शेवटच्या पोलिसाच्या किमान दहा मीटर मागे, कोपऱ्याआड. दाराच्या चौकटीसमोर कधीही उभे राहायचे नाही, कारण आतून येणारी प्रत्येक गोष्ट त्याच रेषेत येते आणि बाहेरून आत झाडलेली गोळीही. आत काय चालले आहे ते ऐकू येईल तेवढे रेकॉर्ड करा. पीएसआयने नाव घेऊन बोलावल्यावर आत जा.

नाकाबंदीत वेगळे नियम. बॅरिकेड्स आलटून पालटून लावलेली असतात, गाडीला नागमोडी यावे लागते. नाकाबंदी तोडून पळणारा मोटारसायकलवाला सरळ न जाता मोकळ्या कडेने घुसतो, आणि कॅमेरामनला तीच कड मोकळी म्हणून आवडते. तिथे उभे राहू नका. पोलीस जीपच्या पुढच्या चाकाच्या आड, इंजिनाच्या बाजूला उभे राहा. गोळीला इंजिन अडवते, दाराचा पत्रा अडवत नाही. पाठलागात युनिटची स्वतंत्र गाडी कधीच नाही. पोलिसांच्या गाडीत जागा असेल तर बसा, नसेल तर तो पाठलाग सोडून द्या.

जॅकेट घ्यायचे तर पिस्तुलाच्या गोळीसाठीचे मऊ जॅकेट, काखेखाली बाजूचे पॅनेल असलेले घ्या. वजन सुमारे तीन किलो, मे महिन्यात दोन तासांवर घालवत नाही. त्याने रायफलची गोळी थांबत नाही, आणि सुऱ्यासाठी वेगळे प्रमाणित जॅकेट लागते. गोळीचे जॅकेट टोकदार सुरा हमखास अडवेल असे धरून चालू नका. प्रत्येकाच्या कमरेला टूर्निके (रक्तस्राव थांबवायला हातापायाला आवळायचा पट्टा) आणि दाबपट्टी हवी, ती एका हाताने लावण्याचा सराव हवा. त्या रात्रीच्या हद्दीसाठी सायन, केईएम, कूपर, राजावाडी यांपैकी जवळचे कोणते, हे ड्रायव्हरला आधी ठाऊक असले पाहिजे.

कॅमेरा लहान घ्या. लेन्स २४ मिलिमीटरच्या आसपास, उघडीप (प्रकाश आत येण्याचे छिद्र) एफ २.८ किंवा मोठी. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५०. १/६० ठेवले तर ट्यूबलाइटखाली चित्र लपलपते. आयएसओ (कॅमेऱ्याची प्रकाशसंवेदनशीलता) ६४०० ते १२८०० पर्यंत जावा लागेल, दाणे दिसतील, चालेल. कॅमेऱ्यावरचा दिवा काढून ठेवा: तो लावला की अंधारात दबा धरलेला पोलीस उजेडात येतो. रेकॉर्डिंगचा लाल दिवा काळ्या टेपने झाका. प्री-रेकॉर्ड, म्हणजे बटण दाबण्याआधीचे काही सेकंदही साठवण्याची सोय, १० ते १५ सेकंदांवर सुरू ठेवा. गाडीचे दार उघडण्याआधी वायरलेसवर आलेला मेसेज त्यामुळेच मिळतो आणि प्रसंगाची सुरुवात तीच असते. १०० एमबीपीएसला १२८ जीबीचे कार्ड पावणेतीन तास चालते. दोन्ही स्लॉटवर एकाच वेळी रेकॉर्ड करा.

आवाजात जास्त चुका होतात. लेपल माइक अधिकाऱ्याच्या शर्टाच्या पट्टीवर लावला आणि ट्रान्समीटर वॉकीटॉकीच्याच बाजूला ठेवला की त्यांनी बटण दाबले रे दाबले, आवाजात खरखर येते आणि नेमका आदेश जातो. वॉकीटॉकी डावीकडे असेल तर ट्रान्समीटर उजव्या कमरेला. दाटीच्या वस्तीत वायफायच्या गर्दीने २.४ गिगाहर्ट्झच्या वायरलेस माइकचा आवाज तुटतो, म्हणून अंगावरच रेकॉर्ड करणारा छोटा रेकॉर्डर, टाइमकोड जुळवून, ३२ बिट फ्लोटवर लावा. कुजबुज आणि गोळीचा आवाज दोन्ही त्यात पकडता येतात. पण पोलिसांच्या वायरलेसवरचे बोलणे जसेच्या तसे प्रसारित करू नका. कॉलसाइन, ठिकाणे, इतरांची नावे त्यात असतात. अधिकाऱ्याकडून वाक्यागणिक मंजुरी घ्या.

परवानगी पोलीस आयुक्तालयातून, लेखी. ठाण्यातल्या सिनिअर पीआयने 'या, बसा गाडीत' म्हटले एवढ्यावर एकही शॉट घेऊ नका. उद्या त्यांची बदली झाली की तुमच्याकडे कागद नसतो. अर्जात तारखा, हद्द, युनिटमधल्या प्रत्येकाचे नाव, सामग्रीची यादी आणि फुटेज कोण पाहणार हे लिहा. खात्याला आक्षेपाचा हक्क द्या, पण तो तीनच कारणांपुरता करारात बांधा: तपासाला बाधा, कोणाच्या जिवाला धोका, कायद्याने लपवायची ओळख. 'खात्याची प्रतिमा' हे कारण मान्य केलेत की तुम्ही जाहिरात करायला बसलात. ड्रोन विसरा, शहरात त्यावर वेळोवेळी बंदीचे आदेश असतात.

कायद्याची बाजू मनापासून शिकून घ्या. दहशतवादविरोधी कारवाई चालू असताना तिचे थेट प्रक्षेपण करता येत नाही. केबल टेलिव्हिजन नियमांत मार्च २०१५ मध्ये ही तरतूद आली. कारवाई संपेपर्यंत नेमलेल्या अधिकाऱ्याने वेळोवेळी दिलेली माहिती एवढेच दाखवायचे. हे कुठून आले ते मुंबईकराला सांगायला नको. २६/११ ला ताज, ओबेरॉय आणि नरिमन हाऊसबाहेरून चाललेले प्रक्षेपण पाहून पाकिस्तानात बसलेले सूत्रधार फोनवरून आतल्या अतिरेक्यांना सूचना देत होते, आणि २०१२ च्या कसाबच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वाहिन्यांच्या त्या वागण्यावर कडक शब्दांत ताशेरे ओढले.

कोणाच्या घरात शिरायचे नाही, हा दुसरा नियम. झडतीचे वॉरंट पोलिसांना असते, तुम्हाला नसते. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये विल्सन विरुद्ध लेन खटल्यात हेच सांगितले: वॉरंट बजावताना पत्रकारांना घरात नेणे हा घरातल्यांच्या घटनात्मक हक्काचा भंग आहे. त्या घरातला माणूस अंतर्वस्त्रांवर होता, आणि ज्याला शोधायला पोलीस आले होते तो तिथे नव्हताच. आपल्याकडे २०१७ च्या पुट्टस्वामी निकालानंतर खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. दहा बाय बाराच्या खोलीत कपाट उघडताना मागे उभी असलेली आई, झोपेतून उठलेली पोरे, दोरीवरचे कपडे, हे तुमच्या कार्यक्रमाचे साहित्य नव्हे.

१ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ प्रमाणे झडती-जप्तीचे दृकश्राव्य रेकॉर्डिंग पोलिसांनी स्वतः करायचे असते. 'आमच्या मोबाईलची बॅटरी गेली, तुमचेच घेतो' अशी वेळ येते. नकार द्या. तसेच युनिटमधल्या कोणीही पंचनाम्यावर पंच म्हणून सही करायची नाही. रात्री दोन वाजता पंच मिळत नाहीत आणि तुम्ही समोरच असता, म्हणून विचारणा होतेच. सही केलीत तर पुढे कोर्टाच्या फेऱ्या तुमच्या, आणि बचाव पक्षाला आयता मुद्दा की पंच पोलिसांच्याच गाडीतून फिरत होते.

आरोपीचा चेहरा दाखवू नका, यामागे सभ्यतेइतकेच व्यवहाराचे कारण आहे. ओळख परेड व्हायची असते. आर्थर रोडला परेड लागली आणि साक्षीदाराने तो चेहरा आदल्या आठवड्यात टीव्हीवर पाहिलेला असला, तर त्या परेडला फारशी किंमत उरत नाही. पोलीस तोंडावर काळा बुरखा घालून आरोपीला आणतात ते यासाठी. पोलिसांसमोर दिलेली कबुली तर कोर्टात पुरावा म्हणून चालतच नाही, तेव्हा 'मीच केले साहेब' हे वाक्य कितीही नाट्यमय असले तरी कापा. ते ऐकून लोक निकाल लावून मोकळे होतात आणि खटला तिथून बिघडतो.

संमतीपत्राबद्दल माझे मत ठाम आहे. बेड्या घातलेल्या, ठाण्याच्या बाकावर बसवलेल्या माणसाची सही ही संमती नव्हेच. हवालदार शेजारी उभा असताना 'नाही' म्हणण्याची त्याची टाप नसते. जामिनावर सुटल्यावर, वकिलासमोर, त्याला कळणाऱ्या भाषेतल्या कागदावर, आणि एपिसोड लागण्यापूर्वी मागे घेता येईल अशा अटीवर संमती घ्या. मिळाली नाही तर त्याची ओळख पूर्ण झाका. अल्पवयीन आणि लैंगिक गुन्ह्यातली पीडित व्यक्ती यांच्याबाबत संमतीच्या भरवशावर राहूच नका, ओळख उघड करणे हाच गुन्हा ठरतो.

झाकणे म्हणजे फक्त चेहऱ्यावर चौकट नव्हे. शेजाऱ्याला माणूस चालीवरून, चपलेवरून, हातावर गोंदलेल्या नावावरून, आवाजावरून ओळखू येतो. दारावरची पाटी, खोलीचा नंबर, रिक्षाची नंबर प्लेट, आरशातले प्रतिबिंब, गणपतीच्या मंडळाचा बोर्ड, हे सगळे फ्रेम थांबवून पाहावे लागते. सगळ्यात नेहमीची चूक: माणूस फ्रेममध्ये शिरतो त्या पहिल्या एक-दोन फ्रेमवर ब्लर बसलेलाच नसतो, आणि कोणीतरी नेमका तोच स्क्रीनशॉट काढतो. हलका ब्लर किंवा बारीक पिक्सेल उलगडता येतात, भरीव मास्क लावा. आवाजाचा पिच खाली केला तर तो परत वर करता येतो. संवाद दुसऱ्याच्या आवाजात डब करा.

पडद्यावरचा धोका खरा किती, असे तुम्ही विचारलेत. संकलनात तो असा तयार होतो. कॅमेऱ्यात आलेल्या अकरा मिनिटांच्या वाट पाहण्याचे वीस सेकंद होतात. पावलांचा आवाज स्टुडिओत जोडला जातो, दुसऱ्या रात्रीचा वायरलेसचा आवाज खाली टाकला जातो, चढत जाणारा सूर येतो, आणि बीट मार्शलचा, म्हणजे मोटारसायकलवर गस्त घालणाऱ्या पोलिसाचा, दुसऱ्याच कारणाने वळलेला चेहरा 'धोका दिसला' म्हणून मध्ये चिकटवला जातो. वेळ आखडायला माझी हरकत नाही. पण बळाचा वापर झाला असेल, लाठी असो, थप्पड असो की पिस्तूल, तर त्याच्या किमान दहा सेकंद आधीपासून शेवटपर्यंतचा तुकडा अखंड ठेवा, क्रम न बदलता, संगीताशिवाय. 'हात वर कर' हा इशारा आधी दिला की नंतर, यावरच पुढे सगळी चौकशी उभी राहते. एनकाउंटरबाबत सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये पीयूसीएल विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सविस्तर मार्गदर्शक तत्त्वे दिली आहेत; मृत्यू झालेला प्रसंग चौकशी पूर्ण होईपर्यंत हातात घेऊच नका.

मग दाखवायचे काय? पुष्कळ आहे. ११२ वर कॉल आल्यापासून बीट मार्शल दारात पोहोचेपर्यंतची साखळी, नाकाबंदीची आखणी, घाबरलेल्या माणसाशी पीएसआय कसा बोलतो, सुरा हातात घेतलेल्या दारुड्याला बोलण्यात गुंतवून खाली कसे बसवतात. हे शेवटचे कौशल्य पडद्यावर फार कमी येते, कारण त्यात कोणी कोणाला मारत नाही. जो क्षण तुम्ही टिपला नाहीत तो नटांकडून करून घ्या आणि संपूर्ण दृश्यभर 'नाट्य रूपांतर' ही पट्टी ठेवा. सुरुवातीच्या तीन सेकंदांपुरती नको. गणवेशातले नट घेऊन रस्त्यावर शूट असेल तर स्थानिक ठाण्याला आधी कळवा, नाहीतर लोक खरे पोलीस समजून मदत मागायला येतात.

शेवटी रॉ फुटेज. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ९४ ची, म्हणजे फुटेज हजर करा अशी नोटीस कधीही येऊ शकते. कार्ड उतरवतानाच प्रत्येक फाइलचा शा-२५६ हॅश, म्हणजे फाइल बदललेली नाही हे पडताळता येणारा अक्षर-आकड्यांचा ठसा, काढून नोंदवहीत लिहा, कारण भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ च्या प्रमाणपत्रात तो लागतो. दोन प्रती, दोन वेगळ्या इमारतींत. २०१९ मध्ये टेक्ससमध्ये पोलिसांच्या पाठलागानंतर एका माणसाचा मृत्यू झाला, 'लाइव्ह पीडी'चे कॅमेरे तिथे होते, आणि ते फुटेज नंतर नष्ट केल्याचे उघड झाले. २०२१ मध्ये त्या राज्याने पोलीस खात्यांना अशा रिअ‍ॅलिटी कार्यक्रमांशी करार करण्यास कायद्यानेच मनाई केली. तेव्हा निर्मात्याच्या करारात हे कलम पहिल्याच दिवशी घाला: ज्या प्रसंगात अटक, इजा किंवा मृत्यू आहे त्याचे संपूर्ण फुटेज खटला आणि अपील निकाली निघेपर्यंत ठेवले जाईल, आणि हार्ड डिस्कचा खर्च निर्मिती संस्था करेल.